योरिस इव्हेन्स : एका अनुबोधपटकाराचा विश्वसंचार



या व्यासपीठावरून संत, मुत्सद्दी, समाजसुधारक आणि साहित्यिक यांच्या चरित्रांचे विवेचन आजवर पुष्कळ झाले आहे. मी मात्र एका अनुबोधपटकाराविषयी बोलणार आहे. बोलपटांतील नटनट्यांची नावे आपल्या मुलाबाळांना तोंडपाठ असतात. परंतु पडद्यावर जे खरे शेत, खरी खाण, खरा संप किंवा खरे युद्ध दिसते, ते टिपण्यासाठी कोणी आपले आयुष्य वेचले याची विचारपूस आपण सहसा करीत नाही. वास्तविक या कलेशी आपले नाते जुने आहे. मुंबईस हँगिंग गार्डनमध्ये झालेली कुस्ती हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे आपले सावे दादा, यांनी १८९९ साली चित्रफितीवर उतरविली, तेव्हा ‘राजा हरिश्चंद्र’ पडद्यावर येण्यास अद्याप चौदा वर्षांचा अवकाश होता. खऱ्या घटनेची नोंद आधी झाली आणि रचलेली कथा मागाहून आली, हे आपण विसरून गेलो आहोत.

ज्याच्याविषयी मी बोलणार आहे तो योरिस इव्हेन्स जातीचा वलंदेज, म्हणजे डच; ज्या वलंदेजांनी एके काळी आपल्या वेंगुर्ल्यास वखार घातली होती आणि ज्यांनी जावा-सुमात्रा दीर्घकाळ आपल्या अमलाखाली ठेवली, त्यांच्या देशात, नायमेगेन या नदीकाठच्या गावी, १८ नोव्हेंबर १८९८ रोजी त्याचा जन्म झाला. हॉलंड, रशिया, बेल्जम, स्पेन, चीन, अमेरिका, कॅनडा, ऑस्ट्रेलिया, पोलंड, पूर्व जर्मनी, फ्रान्स, इटली, माली, क्यूबा, चिली, व्हिएतनाम, लाओस इतक्या मुलखांत त्याचा कॅमेरा फिरला, आणि वयाच्या नव्वदीत त्याने आपला अखेरचा पट पुरा केला. एवढा संचार करणारा हा मनुष्य तटस्थ मुळीच नव्हता. त्याने प्रत्येक ठिकाणी पक्ष घेतला, आणि तो उघडपणे घेतला. म्हणून त्याच्या चरित्रातून एकच प्रश्न मला पुनःपुन्हा छळतो, आणि तोच आज आपणांपुढे ठेवावयाचा आहे : ज्याने पक्ष घेतला आहे, तो सत्य सांगू शकतो काय?

आरंभी त्याच्या घराण्याविषयी दोन शब्द सांगितले पाहिजेत. आजोबा छायाचित्रकार, वडिलांचा कॅमेरे आणि छायाचित्रणाचे साहित्य विकण्याचा व्यवसाय. त्यामुळे तेराव्या वर्षी घरच्याच मंडळींना अमेरिकेतील आदिवासींची सोंगे देऊन या मुलाने पहिला चित्रपट केला, यात नवल नाही. पुढे रॉटरडॅमला अर्थशास्त्र आणि बर्लिनला छायाचित्रणाचे रसायन शिकून तो वडिलांच्या दुकानाचा कारभार पाहू लागला. १९२७ साली ॲमस्टरडॅममध्ये फिल्मलीगा नावाची रसिकांची संस्था निघाली आणि त्या सहवासात दुकानदाराचा कलावंत झाला.

१९२८ साली त्याने ‘पूल’ हा पट केला. रॉटरडॅमचा रेल्वेचा पूल, ज्याचा मधला भाग जहाजाला वाट देण्यासाठी उभाच्या उभा वर उचलला जाई, एवढाच त्याचा विषय. मनुष्य त्यात जवळजवळ नाही. लोखंड, दोर, चाके, वाफ आणि त्यांची लय आहे. दुसऱ्या वर्षी ‘पाऊस’ आला, आणि या बारा मिनिटांच्या पटाने युरोपभर त्याचे नाव केले. ॲमस्टरडॅमवर एक सर येते आणि जाते, याहून अधिक काही त्यात घडत नाही. वारा सुटतो, कालव्याच्या पाण्यावर पहिला थेंब पडतो, कोणी हात पुढे करून पाहतो, छत्र्या उघडतात, ट्रामच्या काचेवरून ओघळ धावू लागतात, आणि मग आभाळ उजळते. ही सर एकच वाटते. प्रत्यक्षात ती अनेक महिन्यांच्या अनेक सरींतून वेचून विणलेली आहे. शहराच्या निरनिराळ्या भागांतील मित्रांना त्याने सांगून ठेवले होते की, तुमच्याकडे पाऊस लागला की मला टेलिफोन करा. कॅमेरा रात्रंदिवस उशाशी असे. पुढे १९४१ साली हान्स आयस्लर या संगीतकाराने याच पटासाठी पावसाच्या वर्णनाचे चौदा प्रकार स्वरांत बांधले.

आता आपण म्हणाल, हे सौंदर्य झाले. सत्याचा प्रश्न येथे कोठे आला? तो आला चार वर्षांनी, बेल्जममधील बोरिनाज या कोळशाच्या खाणींच्या प्रदेशात. १९३२ साली तेथे मोठा संप झाला आणि मोडला गेला. कामगार घराबाहेर काढले गेले. आंरी स्टोर्क या बेल्जियन मित्राने बोलावले म्हणून इव्हेन्स तेथे गेला. पोलिसांचा ससेमिरा पाठीशी असल्यामुळे चित्रफिती लपवीत, आज या घरी तर उद्या त्या घरी मुक्काम करीत त्यांनी चित्रण केले. तेथे घडलेली एक गोष्ट त्याने स्वतः पुढे नमूद करून ठेवली आहे, आणि मला ती त्याच्या साऱ्या पारितोषिकांहून मोलाची वाटते. एका झोपडीतील मेजावर मळकट भांडी आणि चिंध्या पडल्या होत्या, आणि खिडकीच्या चौकटीची रेखीव सावली त्यांवर अशी काही पडली होती की, कॅमेऱ्यातून पाहता ते दृश्य देखणे दिसू लागले. दारिद्र्य सुंदर दिसू लागले! ‘पाऊस’ टिपणारा हा डोळा. त्याला हा मोह केवढा असेल? परंतु त्याने त्या सावलीच्या कडा मुद्दाम मोडल्या, तिचा रेखीवपणा नाहीसा केला, आणि मगच चित्रण केले.

श्रोतेहो, या कृतीत एक पेच आहे, तो आपण सावकाश पाहू. समोर जे होते ते त्याने बदलले. मग हे असत्य झाले काय? मला तसे वाटत नाही. त्या घरात राहणाऱ्या बाईला ती सावली कधी सुंदर वाटली नसेल. मळ मात्र तिला रोज दिसत होता. कॅमेऱ्याने पाहावे ते तिच्या डोळ्यांनी, असा निवाडा इव्हेन्सने त्या झोपडीत बसून केला. त्याच पटात कार्ल मार्क्सची तसबीर घेऊन निघालेली एक मिरवणूक आहे. ती चित्रणासाठी पुन्हा घडवून आणली होती, परंतु वाटेत माणसे सामील होत गेली आणि ती खरीच मिरवणूक झाली. जे घडवून आणले तेही तेथील माणसांचेच होते.

याच सुमारास तयार झालेला ‘नवी भूमी’ हा पट झाउडरझे या सागराच्या बांधाविषयी आहे. २८ मे १९३२ रोजी त्या प्रचंड बांधाचे अखेरचे तोंड बुजविले गेले. पाण्याची धडपड, यंत्राची आणि माणसाची धडपड या तिन्हींची चढाओढ हेलेन व्हान डोंगेन या कुशल संकलिकेने अशी गुंफली आहे की पाहणाऱ्याचा श्वास अडतो. परंतु समुद्र हटवून मिळविलेल्या जमिनीवर गहू पिकला त्या वेळी मंदीने बाजार कोसळलेले होते, भुकेली माणसे दारोदार हिंडत होती आणि धान्य समुद्रात टाकले जात होते. हेही त्याने त्याच पटाच्या शेवटी जोडले.

स्पेनमधील यादवी युद्धाची हकीकत मी थोडक्यात आटोपतो, कारण ती पुष्कळांना ठाऊक आहे. १९३७ साली अर्नेस्ट हेमिंग्वे, लिलियन हेलमन, आर्चिबाल्ड मॅक्लीश आदी अमेरिकन लेखकांच्या साहाय्याने त्याने ‘स्पेनची भूमी’ हा पट केला. त्याचे निवेदन प्रथम ऑर्सन वेल्सच्या आवाजात ध्वनिमुद्रित झाले होते. तो आवाज अतिशय घोटीव वाटल्यामुळे शेवटी हेमिंग्वेने स्वतःच ते वाचले. प्रेसिडेंट रूझवेल्ट यांनी हा पट व्हाइट हाउसमध्ये पाहिला. या सर्व नामावळीपेक्षा मला फुएन्तिदुएन्या हे खेडे अधिक जवळचे वाटते. माद्रिदला अन्न पोहोचावे म्हणून तेथील शेतकरी पाट खणतात, कोरड्या रानावर पाणी आणतात, आणि काही कोसांवर तोफा चालू असतात. या खेड्यातील एका तरुण शिपायाभोवती कथा गुंफावी असा इव्हेन्सचा बेत होता. पण युद्धाच्या धामधुमीत तो तरुण पुन्हा सापडलाच नाही आणि सूत्र तुटले. तुटलेले सूत्र पटात तसेच राहिले आहे. पाणी मात्र शेवटी शेतात येते.

१९३८ साली रॉबर्ट कापा आणि जॉन फर्नहाउट या छायालेखकांसह तो चीनमध्ये गेला. जपानशी झुंजणाऱ्या त्या देशातील ताइअरझ्वांगच्या लढाईचे चित्रण ‘चाळीस कोटी’ या पटात आहे. परंतु तेथे त्याला हवे तेथे जाता आले नाही. राष्ट्रीय सरकारचे अधिकारी सदैव बरोबर. कम्युनिस्टांचे ठाणे असलेल्या येनानला जाण्यास मनाई. मग त्याने काय करावे? निघण्यापूर्वी हांकौ येथे त्याने आपला एक कॅमेरा गुपचूप वू यिन्शिअन या चिनी छायालेखकाच्या स्वाधीन केला, आणि तो कॅमेरा येनानला पोहोचला. इव्हेन्सला ज्या गावी पाय ठेवता आला नाही त्या गावचे चित्रण त्याच्या कॅमेऱ्याने केले. याच येनानमध्ये १९३९ च्या फेब्रुवारीत आपल्या सोलापूरचे डॉ. द्वारकानाथ कोटणीस हिंदी वैद्यकीय पथकाबरोबर येऊन दाखल झाले होते. कोटणीसांची कथा व्ही. शांतारामांनी १९४६ साली पडद्यावर आणली. आणि त्याच १९४६ साली इव्हेन्सने जो पट पुरा केला त्याच्याकडे मी आता वळतो. येथे मी थोडा रेंगाळणार आहे, त्याबद्दल श्रोत्यांनी राग मानू नये.

महायुद्धाच्या अखेरीस वलंदेज सरकारने इव्हेन्सला ईस्ट इंडीजचा, म्हणजे आजच्या इंडोनेशियाचा, चित्रपट-आयुक्त नेमले. जपानी हटल्यावर त्या बेटांची मुक्तता चित्रित करावयाची, हे काम. मोठा हुद्दा, सरकारी तनखा, हाताशी साधने. तो ऑस्ट्रेलियात जाऊन राहिला. परंतु १७ ऑगस्ट १९४५ रोजी इंडोनेशियाने स्वातंत्र्य पुकारले, आणि वलंदेज सरकार मुक्ततेऐवजी पूर्वीचा अंमल परत बसविण्याच्या तयारीला लागले. ऑस्ट्रेलियाच्या बंदरांत शस्त्रे आणि रसद घेऊन निघण्याच्या बेतात असलेली वलंदेज जहाजे उभी होती. त्यांवरचे इंडोनेशियन खलाशी उतरले. ऑस्ट्रेलियन गोदी-कामगारांनी माल चढविण्यास नकार दिला. चिनी खलाशी सामील झाले, आणि हिंदी खलाशीही सामील झाले. हे हिंदी खलाशी कोण? कोकणच्या किनाऱ्यावरील घराघरांतून, गोव्याहून, सिल्हेट आणि चितगाँवकडून आगबोटींवर भरती होणारी माणसे. ज्यांची नावे इतिहासाच्या कोणत्याही दप्तरात ठळक अक्षरांत लिहिलेली नाहीत.

इव्हेन्सने नोव्हेंबर १९४५ मध्ये आपल्या हुद्द्याचा राजीनामा जाहीरपणे दिला. उसनी साधने आणि जेमतेम पैसा यांवर त्याने बावीस मिनिटांचा ‘इंडोनेशियाची हाक’ हा पट केला. त्याचे निवेदन पीटर फिंच या नटाचे आहे. त्यातील एक प्रसंग असा : हिंदी खलाशी असलेले एक जहाज संप मोडून सिडनीच्या बंदरातून बाहेर पडते आहे. एक लहानशी मोटारबोट त्याच्या मागे लागते. बोटीत उभा राहून एक हिंदी मनुष्य तोंडाशी भोंगा धरून जहाजावरच्या आपल्या बांधवांना हाक घालतो. वर कठड्याशी खलाशी गोळा होतात. खाली उसळत्या पाण्यात ती बोट हेलकावे खाते. हाक चालूच राहते. जहाज पुढे जाते, आणि मग परत फिरते, कारण खलाशांनी काम थांबविलेले असते. हाही प्रसंग चित्रणासाठी पुन्हा घडविलेला आहे. परंतु तो घडविला त्या खलाशांनी, त्याच बंदरात. ज्या काळी आपल्या देशातही परसत्ता होती, त्या काळी आपल्याच खलाशांनी दुसऱ्या देशाच्या स्वातंत्र्यासाठी आपली रोजी पणाला लावली, हे मला तरी पहिल्यांदा या वलंदेज माणसाच्या पटाने दाखविले.

याची किंमत त्याला मोजावी लागली. मायदेशाचे सरकार त्याच्यावर रुष्ट झाले. त्याच्या पासपोर्टाची मुदत तेवढ्यापुरती, थोडीथोडी वाढवून मिळे. तो प्राग, वॉर्सा, पूर्व बर्लिन येथे राहून काम करू लागला, आणि माझ्या मते येथेच त्याच्या कलेला उतरती कळा लागली. १९५४ चा ‘नद्यांचे गीत’ पाहा. व्होल्गा, मिसिसिपी, गंगा, नाईल, ॲमेझॉन, यांगत्से या सहा नद्यांकाठच्या श्रमिकांचे हे महागीत. संगीत शोस्ताकोविचचे, गीत ब्रेख्तचे, आणि अमेरिकेने ज्याचा पासपोर्ट काढून घेतला होता त्या पॉल रोब्सनने तेथूनच ध्वनिमुद्रण करून पाठविलेला आवाज. याहून थोर नावे एकत्र येणे कठीण! तरीही ॲमस्टरडॅमच्या एका सरीइतका जिव्हाळा त्या सहा नद्यांत नाही. देशोदेशींच्या छायालेखकांनी टिपलेले तुकडे बर्लिनमध्ये जोडले गेले. त्यांना जोडणारे सूत्र आधीच ठरलेले होते. त्यातील गंगेच्या काठी इव्हेन्स कोणाच्या घरी राहिला नव्हता, आणि ते दिसते.

पुढे पॅरिसला स्थायिक झाल्यावर त्याने सेन नदीवर एक निवांत, प्रेमळ पट केला. निवेदन झाक प्रेव्हेर या कवीचे. १९५८ साली त्याला कान महोत्सवात लघुपटाचे सर्वोच्च पारितोषिक मिळाले. पटाच्या गुणांविषयी शंका नाही. तरी आपण हे ध्यानात घ्यावे की, ज्या पटाने कोणाचे काही हिरावले नाही त्याला पदक मिळाले, आणि ज्या पटाने साम्राज्याच्या जहाजांची वाट अडविल्याची साक्ष ठेवली त्याला पासपोर्टाची अडचण मिळाली. कलावंताची योग्यता पदकांच्या यादीवरून ठरविणाऱ्यांनी या दोन नोंदी शेजारी शेजारी मांडाव्यात.

साठीत, सत्तरीकडे झुकताना, मार्सेलिन लोरिदाँ या सहचारिणीसह तो व्हिएतनाममध्ये सतराव्या अक्षांशाजवळ जाऊन राहिला. वरून अमेरिकन बाँब पडत आहेत आणि गाव जमिनीखाली भुयारांत नांदत आहे; तेथे स्वयंपाक होतो, मुले शिकतात, आणि रात्री माणसे वर येऊन शेत करतात. सुमारे दोन महिने त्या भुयारांत राहून केलेला १९६८ चा तो पट आजही ताजा आहे.

आणि आता मला एक अप्रिय गोष्ट बोलली पाहिजे, कारण ज्याच्यावर आपले प्रेम आहे त्याच्याविषयी अर्धे सांगणे हा त्याचा अपमान होय. सत्तरीत इव्हेन्स आणि लोरिदाँ यांनी चीनमध्ये दीर्घकाळ राहून बारा भागांचा, सुमारे बारा तासांचा महापट केला : ‘युकोंगने डोंगर कसे हलविले’. औषधाचे दुकान, जनित्रांचा कारखाना, कोळ्यांचे गाव, शाळा यांतून माणसे मोकळेपणाने बोलतात असे आपल्याला वाटते. १९७६ साली तो पॅरिसला प्रदर्शित झाला. त्याच वर्षी माओ निवर्तला, त्याच्या निकटच्या चौघा नेत्यांची ‘चौकडी’ पकडली गेली, आणि सांस्कृतिक क्रांतीच्या नावाखाली झालेले छळ, अपमान, उद्ध्वस्त झालेली घरे यांच्या हकीकती जगापुढे येऊ लागल्या. त्या हकीकती या बारा तासांत नाहीत. ज्या अध्यापकांची भर चौकात विटंबना झाली, ज्यांना श्रमछावण्यांत धाडले गेले, त्यांच्या दारी हा कॅमेरा गेला नाही. जो माणूस १९३८ साली सरकारी सोबत्यांना चुकवून आपला कॅमेरा बंदीच्या मुलखात धाडतो, त्याला १९७२ सालच्या सोबत्यांचा संशय का आला नाही? शत्रूच्या पहाऱ्याला तो ओळखत होता. मित्राच्या पहाऱ्याला त्याने ओळखले नाही. मी त्याला माफ करू इच्छीत नाही, आणि त्याने स्वतःही ते विसरून टाकले असेल असे मला वाटत नाही.

मात्र या महापटातही एक लहानसा भाग वेगळा उठून दिसतो. पेकिंगच्या एका शाळेत घंटा झाल्यावर एका मुलाने चेंडूला लाथ मारली आणि तो बाईंच्या दिशेने गेला. बाईंनी चेंडू जप्त केला. मग वर्गात चर्चा होते. मुलगा म्हणतो, मी मुद्दाम केले नाही. मुले कधी त्याची बाजू घेतात, कधी बाईंची. बाईंचा चेहरा कठोर होतो, मग सैलावतो. शब्द त्या काळच्या राज्यकर्त्यांनी पढविलेले आहेत, पण रुसवे-फुगवे मुलांचेच आहेत. १९७७ साली फ्रान्सच्या सेझार पारितोषिकाने गौरविला गेला तो हाच भाग, आणि मला तो निवाडा योग्य वाटतो.

तेव्हा आरंभीच्या प्रश्नाकडे येतो. पक्ष घेतलेला मनुष्य सत्य सांगू शकतो काय? इव्हेन्सपुरते माझे उत्तर असे की, पक्ष घेतल्याने त्याची दृष्टी अधू झाली नाही. बोरिनाजमध्ये, फुएन्तिदुएन्यात, सिडनीत, भुयारांतल्या गावात तो ज्यांच्या बाजूने उभा होता त्यांच्या शेजारी राहिला, आणि तेथले चित्रण टिकले. ज्या ठिकाणी तो माणसांऐवजी राज्यकर्त्यांचा पाहुणा झाला, त्या ठिकाणचे चित्रण विरले. पक्ष पीडितांचा असावा आणि पाहुणचार सत्तेचा नसावा, ही दोन पथ्ये त्याने एकत्र पाळली तेव्हा तो या कलेतील अद्वितीय पुरुष होता.

अखेरचा पट ‘वाऱ्याची कथा’, १९८८ चा. दम्याने जर्जर झालेला एक नव्वदीचा वृद्ध चीनच्या वाळवंटात खुर्ची टाकून वाऱ्याची वाट पाहत बसतो, कारण त्याला वाऱ्याचे चित्र काढावयाचे आहे. त्या पटात त्याने चिनी अधिकाऱ्यांशी झालेली घासाघीसही दाखविली आहे : प्राचीन चिनी सम्राटाच्या मातीच्या सैन्याचे चित्रण मनाजोगे करू देईनात, तेव्हा त्याने प्रतिकृती आणून आपले सैन्य उभे केले. या खेपेस पहारा पडद्यावर आला, हे मला फार महत्त्वाचे वाटते. त्याच वर्षी व्हेनिसच्या महोत्सवाने जन्मभराच्या कामगिरीबद्दल त्याला सुवर्णसिंह अर्पण केला. मायदेशाचा मंत्री १९८५ सालीच पॅरिसला येऊन सन्मान देऊन गेला होता. २८ जून १९८९ रोजी पॅरिसमध्ये इव्हेन्सचे देहावसान झाले.

श्रोतेहो, आपल्या गावोगावी फिल्म सोसायट्या आहेत, महाविद्यालयांत चित्रपट-मंडळे आहेत. त्यांच्या चालकांना माझी विनंती आहे की, त्यांनी ‘इंडोनेशियाची हाक’ आणि पेकिंगच्या शाळेतील चेंडूचा तो भाग एकाच संध्याकाळी, एकापाठोपाठ एक दाखवावेत, आणि दिवे लागल्यावर कोकणातल्या एखाद्या जुन्या खलाशाला आणि एखाद्या शाळामास्तरांना आधी बोलू द्यावे. दोन्ही मिळून पाऊण तासाचाच कार्यक्रम आहे.